एक मिनिटाचा भोंगा

प्रति,
मा. निवडणूक निर्णय अधिकारी,
ग्रामपंचायत सार्वत्रिक निवडणूक, मौजे सावरटेक,
तहसील कार्यालय, चिखली, जि. बुलढाणा.

अर्जदार : देवानंद किसनराव इंगळे, वय ५३ वर्षे, धंदा भोंगा व रिक्षा, रा. सावरटेक, वॉर्ड क्र. २.

विषय : प्रचारबंदीच्या काळात फक्त एक मिनिट भोंगा लावून श्रीमती अन्नपूर्णाबाई सोनुने या जिवंत आहेत, एवढेच सांगण्याची परवानगी मिळणेबाबत.

संदर्भ : १) आपले प्रचारबंदीचे पत्रक, जे अर्जदाराने रविवारी सायंकाळी स्वतःच्याच भोंग्यावरून गावाला दोनदा वाचून दाखवले. २) भरारी पथकाच्या साहेबांना रस्त्यात थांबवून केलेली तोंडी विनंती. ३) आज सकाळी सात वाजता अर्जदाराच्या मोबाईलवर आलेला फोन.

महोदय,

अर्जदार सविनय कळवितो की, कागदात 'मी' लिहू नये, 'अर्जदार' लिहावे, असे तहसीलीच्या आवारातील टायपिंगवाल्याने त्याला दुकानाबाहेर येऊन सांगितले. अर्जदाराला ते बरेच वाटले, कारण आज सकाळपासून 'मी' म्हणायला त्याची जीभ रेटत नाही. अर्ज मात्र त्याने हातानेच लिहिला आहे. टायपिंगच्या दुकानात दोन्ही पॅनलची माणसे चहा पीत बसली होती, त्यामुळे आत पाऊल टाकण्याची त्याची छाती झाली नाही. अक्षर जागोजागी हलले आहे, त्याबद्दल क्षमा असावी. बाहेर बाकावर बसून लिहिले आहे.

सावरटेक हे उंद्रीच्या पुढचे, फाट्यावर बस थांबते पण आत येत नाही असे गाव. अर्जदाराचे वडील किसनराव हलगी वाजवून दवंडी द्यायचे. ते काम गावाने त्यांच्या गळ्यात घातलेले होते. अर्जदाराने हलगी माळ्यावर टाकली आणि स्वतःच्या मर्जीने रिक्षा घेऊन तिच्या टपावर दोन भोंगे बसवले. त्याला एकोणीस वर्षे झाली. राशन आले, बकरी हरवली, डोस पाजायचे आहेत, ग्रामसभा आहे, अमके वारले, हे सारे गावाला अर्जदाराच्या आवाजात कळते. गावाची रीत अशी पडून गेली आहे की भोंग्यातून आले ते खरे, आणि चुकीचे आले असेल तर तेही भोंग्यातूनच परत घ्यावे लागते. मागे एकदा ग्रामसभा रद्द झाली. ग्रामसेवकांनी फळ्यावर लिहिले, मोबाईलच्या ग्रुपवर टाकले, पारावर उभे राहून घसा ताणून सांगितले. तरी सत्तर माणसे शाळेत सतरंजीवर जाऊन बसली, कारण भोंगा फिरला नव्हता. साहेब हसतील, हे अर्जदार जाणून आहे. पण त्याची आजची सगळी अडचण या रीतीतच आहे, म्हणून आधी सांगितले.

अन्नपूर्णाबाई कारभारी सोनुने यांचे वय एक्याऐंशी. वॉर्ड दोनमध्ये अर्जदाराच्या घरापासून चौथे घर त्यांचे. मळ्यात वांगी, मेथी, कोबी पिकवतात आणि गाव त्यांना भाजीवाल्या म्हणूनच ओळखते. सहा वर्षांपूर्वी त्यांचे मालक कारभारी वारले, त्या दिवशी गावात लाईन नव्हती आणि रिक्षाची बॅटरी उतरलेली होती. भोंगा फिरला नाही. त्यांची सख्खी बहीण सोजराबाई पलीकडच्या मळ्यात भाजी तोडत राहिली आणि टोपले डोक्यावर घेऊन घरी आली तेव्हा माती उरकलेली होती. दोघी बहिणी त्यानंतर वर्षभर एकमेकींशी धड बोलल्या नाहीत. तेरावा झाला आणि अन्नपूर्णाबाई अर्जदाराच्या ओसरीवर येऊन बसल्या. म्हणाल्या, "देवानंद, माहं आताच बोलून ठेव बाप्पा. लाईन राहो का न राहो, मी गेली म्हणजे सोजराले कळलं पाह्यजे."

अर्जदाराने आढेवेढे घेतले. पण त्या उठेनात. शेवटी त्याने मोबाईलमध्ये आवाज भरला : कळविण्यास अत्यंत दुःख होते की, अन्नपूर्णाबाई कारभारी सोनुने यांचे वृद्धापकाळाने निधन झाले. त्यांनी ते ऐकले आणि चुका काढल्या. "वृद्धापकाळानं नको म्हणू, लोकं म्हणतीन लई दिवस जगली. आन् भाजीवाल्या म्हण, नाही त कोणाले समजन कोण मेलं थे?" अर्जदाराने दुरुस्त करून पुन्हा भरले. त्यांनी तीनदा लावून घेतले आणि पदराने डोळे पुसेपर्यंत हसल्या. दुसऱ्या दिवशी अर्जदाराच्या घरी टोपलीभर वांगी आली.

मग काय, गावातील म्हातारी माणसे एकेक करून येऊ लागली. फ्रेमसाठी फोटो काढून ठेवतात तसे आपले निधन बोलून ठेवणे सावरटेकमध्ये सुरू झाले. कोणाला नावापुढे 'गुरुजी' हवे, कोणाला मुंबईच्या मुलाचे नाव नको. एकेचाळीस झाले. त्यांतील दोघे पुढे खरोखर वारले आणि त्यांचे त्यांच्याच पसंतीचे निधन भोंग्यातून वाजले. त्या दोन्ही मातींना गाव वेळेवर हजर होते आणि घरच्या लोकांनी अर्जदाराचे हात धरून आभार मानले. आपण काही वावगे करतो आहोत असे अर्जदाराला कधी वाटले नाही.

चूक झाली ती पुढे. मरणारा माणूस आधी आपल्या मातीचा वार आणि वेळ सांगून ठेवत नाही, म्हणून ती जागा प्रत्येक ठिकाणी कोरी ठेवलेली होती. आयत्या वेळी गडबड नको म्हणून अर्जदाराने सातही वार आणि दिवसाचे सगळे तास वेगवेगळे बोलून, ही सगळी निधने ज्या पेनड्राइव्हमध्ये ठेवली होती त्यातच टाकले. दहावी शिकलेल्या माणसाने दोन बटणे दाबली की कोणाच्याही नावाला वार आणि वेळ जोडता येते. अर्जदाराला आपल्या या हुशारीचा अभिमान होता. पारावर त्याने ती चार लोकांना करूनही दाखवली होती.

आणि बेचाळिसावे नाव त्याचे स्वतःचे आहे. म्हातारी मंडळी त्याला नेहमी चिडवीत, "आमचं तू सांगशीन, तुहं कोण सांगन बे?" म्हणून एका दुपारी घरी कोणी नसताना त्याने आपलेही बोलून टाकले. पत्नी धम्मशीला पाण्याची कळशी घेऊन दारात आली आणि तिने नवऱ्याच्या तोंडून नवऱ्याचे निधन ऐकले. कळशी तिथेच पडली. ती चार दिवस अर्जदाराशी बोलली नाही आणि पाचव्या दिवशी म्हणाली, "ते पुसून टाका." अर्जदाराने हो म्हटले आणि पुसले नाही. आज त्याला त्याचा फार पस्तावा होत आहे.

आता निवडणुकीकडे येतो. सरपंचपदाला भगवंतराव आणि इंद्रभान समोरासमोर आहेत, एकाची कपबशी, दुसऱ्याचा पंखा. गावात भोंगा एकच. म्हणून दोघांनी वेळ वाटून घेतली होती. सकाळपासून दुपारपर्यंत कपबशी, दुपारपासून अंधार पडेपर्यंत पंखा. भर दुपारी पारावर एकाचा बॅनर सोडून दुसऱ्याचा बांधायचा. दोन्हीकडे आवाज अर्जदाराचाच. बाया हसून म्हणायच्या, "देवानंदभाऊ, सकाळी कपबशी धुता आन् दुपारी पंखा पुसता." अर्जदारही हसायचा. शनिवारी दुपारी असाच बॅनर बदलायचे चालले होते. दोन्ही पॅनलची मिळून आठ-दहा माणसे रिक्षाभोवती होती. अर्जदार पाठमोरा उभा राहून चहा प्याला. चहा संपवून वळला तेव्हा भोंग्याच्या मशीनमधला पेनड्राइव्ह नव्हता.

तो कोणी काढला, हे अर्जदाराला माहीत नाही आणि तो कोणावरही आरोप करीत नाही. हे वाक्य आपण कृपया अधोरेखित समजावे.

तो दोघांकडेही हात जोडून गेला. भगवंतरावांनी त्याला खुर्ची दिली, गळ्याशपथ सांगितले की आमचा संबंध नाही. मग जवळ सरकून म्हणाले, "देवानंद, असं काही असते हे आमाले आधी काऊन नाही सांगतलं? तुह्याकडं दुसरी कॉपी असन तर दे ना." इंद्रभानकडे गेला तर तो आधी तापला, "आमी काय चोर आहो काय बे?" असे मोठ्याने म्हणाला, म्हणजे बाहेर बसलेल्यांना ऐकू जावे. मग दार लोटून म्हणाला, "त्याईच्याकडं हाय म्हणतं? मंग आमाले बी पाह्यजे." अर्जदार दोन्हीकडून रिकाम्या हाताने परतला.  

रविवारी सकाळी नऊ वाजता वॉर्ड तीनमधील एका निवृत्त पोस्टमनना अनोळखी नंबरवरून फोन आला. उचलला तर आत अर्जदाराचा आवाज : कळविण्यास अत्यंत दुःख होते की, आणि पुढे त्यांचेच नाव. शेवटी, माती मंगळवारी, सकाळी, आठ वाजता, राहत्या घरून. तासाभराने दोन सभ्य माणसे बिस्किटांचा पुडा घेऊन त्यांची तब्येत विचारायला आली. "बाबा, मंगळवारी घरीच पडून राहा. थंडीचं काऊन बाहेर पडता?" एवढेच बोलून गेली. ती एका पॅनलची होती. दुपारी दुसऱ्या बाजूच्या घरांत फोन सुरू झाले आणि तिथे दुसऱ्या पॅनलची माणसे बिस्किटे घेऊन गेली. म्हणजे पेनड्राइव्ह एकाने नेला असेल, पण जेवणवेळेपर्यंत तो दोघांकडे पोचला होता. संध्याकाळपर्यंत अकरा घरे झाली, पण हे सारे अर्जदाराला रात्री कळले, तोवर भोंगा बंद झालेला होता. सगळ्यांना मंगळवारच दिलेला आहे आणि वेळा सकाळी साडेसात ते सायंकाळी साडेपाचच्या आतल्या आहेत, म्हणजे आपल्या मतदानाच्या. कोणालाही बुधवार दिलेला नाही, ही बाब अर्जदार आपल्या नजरेस आणू इच्छितो.

मागल्या वेळी सरपंच एकोणीस मतांनी निवडून आला होता. एकेचाळिसातून दोन वजा जाता एकोणचाळीस म्हातारी माणसे घरी बसली तर काय होईल, हे दोघांनाही समजते.

रविवारी सायंकाळी अर्जदाराने आपले प्रचारबंदीचे पत्रक वाचले, भोंग्यांवर पोते बांधले आणि रिक्षा दारात लावली. अर्ध्या तासाने अन्नपूर्णाबाईंच्या घरी फोन वाजला. तो अर्धा तास आधी आला असता तर अर्जदाराने तिथल्या तिथे भोंगा फिरवला असता आणि आपल्याला हा त्रास दिला नसता. ज्याने कोणी फोन केला, त्याने पत्रक नीट ऐकलेले होते.

अन्नपूर्णाबाई प्रत्येक निवडणुकीत बरोबर नऊ वाजता मतदानाला निघतात. ठेवणीतले लुगडे नेसतात, आणि त्यांच्या मागे गल्लीतल्या पंधरा-वीस बाया निघतात. त्या निघाल्या नाहीत तर गल्ली निघत नाही. त्यांचे मत कोणाला जाते, ते पोटच्या मुलाला, शेखरलाही ठाऊक नाही. कपबशीवाल्यांना वाटते पंख्याला जाते, पंखेवाल्यांना वाटते कपबशीला. त्यामुळे त्या घरी बसाव्यात असे दोघांनाही वाटत होते. फोन कोणाचा, हे म्हणूनच कळायला मार्ग नाही. फोनमध्ये त्यांना वेळ दिली ती मंगळवार, सकाळी नऊ.

शेखरची बायको अनुपमा धावत अर्जदाराकडे आली. अर्जदार गेला तेव्हा अन्नपूर्णाबाई ओसरीवर खाट टाकून घेऊन पडल्या होत्या. उशाशी ते ठेवणीतले लुगडे घडी करून ठेवलेले होते. ताटातली भाकरी तशीच होती. अर्जदार त्यांच्या पायाशी बसला आणि म्हणाला, माय, हे खोटं आहे, हा माझा जुना आवाज कोणीतरी चोरला आहे, वार दुसऱ्याने जोडला आहे. त्यांनी सगळे ऐकून घेतले. मग म्हणाल्या, "माह्या नावाचा वार भरला रे देवानंद. इतके दिवस कोरा होता तवा मले त्याचं हसू ये. आता भरला."

अर्जदाराने परत सांगितले. त्याने त्यांच्यासमोर कान धरले, पाया पडला. त्या म्हणाल्या, "तोंडानं नको सांगू बाप्पा. भोंग्यातून आलेलं भोंग्यातूनच परत गेलं पाह्यजे. तूच त सांगतं ना लोकायले?" अर्जदार म्हणाला, पण हे भोंग्यातून आलेलंच नाही माय, फोनातून आलं. त्यावर त्या म्हणाल्या, "आवाज त भोंग्याचाच व्हता."

 आरोग्य केंद्रातून नर्सबाई येऊन गेल्या, आजीला काहीच झालेले नाही म्हणाल्या. पण रविवार संध्याकाळपासून त्यांच्या पोटात घोटभर पाण्याशिवाय काही नाही. सोजराबाई येऊन उशाशी बसल्या आहेत, हलायला तयार नाहीत. या वेळी त्यांना वेळेवर कळले आहे. एक्याऐंशी वर्षांचे शरीर उपाशी किती तग धरणार, आणि नऊ वाजेपर्यंत मनाने जायचेच ठरवले तर थांबवणार कोण? अर्जदाराला वाटते, ती वेळ त्याच्याच आवाजात गेली आहे. माय गेली, तर ती अर्जदारामुळे गेली.

रस्त्यात भरारी पथकाची गाडी थांबवून त्याने सगळी हकीकत सांगितली. आतले साहेब सज्जन होते. म्हणाले, भोंगा लावला तर रिक्षा जप्त होईल आणि गुन्हा दाखल होईल. अर्जदाराने विचारले, बाई जिवंत आहे एवढेच सांगायचे आहे, हा प्रचार होतो का? ते म्हणाले की, त्या बाईच्या मागे वीस मते आहेत, तेव्हा ती जिवंत असल्याचे सांगणे कोणाच्या फायद्याचे ठरू शकते. हे मोठे साहेबच ठरवतील, लेखी द्या. म्हणून हा अर्ज लेखी दिला आहे.

आता अर्जदार स्वतःबद्दल लिहितो. थोडक्यातच लिहितो. आज सोमवारी सकाळी सात वाजता त्याला फोन आला. त्याने स्वतःचा आवाज ऐकला आणि आपण गेल्याचे त्याला कळले. इतरांना मंगळवार दिला आहे, अर्जदाराला आजचा सोमवार दिला आहे, सायंकाळी सहा. काल त्याने चारचौघांत सांगितले होते की मी तहसीलीत साहेबांकडे जाणार, त्याचा हा परिणाम असावा. दार उघडले तर कुडाला दोन हिरवे बांबू आणि काथ्याची एक गुंडी टेकवून ठेवलेली होती. शेजारणीने विचारले, "भाऊ, मांडव टाकता काय?" मांडवाला चार बांबू लागतात. दोन कशाला लागतात ते अर्जदाराने तिला सांगितले नाही.

त्याने मनाला समजावले की चेष्टा आहे, निवडणुकीत असे चालतेच. दळण घेऊन चक्कीवर गेला. तिथे दहा-बारा जण रांगेत होते. त्यांनी त्याला पाहिले आणि बाजूला सरकून वाट दिली. कोणीतरी मागून हळूच म्हणाले, "जाऊ द्या त्याले पुढं, त्याले टाईम नाही." त्या बोलण्यात चेष्टा नव्हती, हे अर्जदार शपथेवर सांगतो. एकोणीस वर्षे या लोकांना त्याने मेलेल्यांची नावे सांगितली आणि त्यांनी ती खरी मानली. आज त्याच्या नावावरही त्यांचा तसाच विश्वास बसला आहे. अर्जदार दळण तिथेच टाकून घरी आला. परत येताना पारावर एका मोटारसायकलवर दोन अनोळखी माणसे बसलेली दिसली. त्यांतील एकाने अर्जदाराकडे पाहिले, मग मनगटावरच्या घड्याळाकडे पाहिले. बाकी काहीच केले नाही. मारतो म्हणाला असता तर निदान पोलिसांत सांगता आले असते. चौकीत जाऊन काय सांगावे, त्याने घड्याळ पाहिले?

चिखलीला तो आपल्या रिक्षाने आला नाही. शेखरच्या भाजीच्या टेम्पोत, कोबीच्या पोत्यांमध्ये डोक्यावर गोणपाट घेऊन आला. त्रेपन्न वर्षांचा, गावभर ज्याचा आवाज चालतो असा माणूस कोबीत लपून तालुक्याला आला, याची त्याला लाज वाटते. पण भीती लाजेपेक्षा मोठी आहे.

तरी आपणांस हात जोडून विनंती की,

(अ) अर्जदारास आज किंवा उद्या सकाळी नऊच्या आत, अन्नपूर्णाबाईंच्या दारासमोर, एक मिनिट भोंगा लावण्याची परवानगी द्यावी. मजकूर सोबत जोडला आहे. त्यात कपबशी नाही, पंखा नाही, कोणाचे नाव घेऊन हिणवलेले नाही. मजकूर एकदा वाचायला सव्वीस सेकंद लागतात. गावाला दोनदा ऐकायची सवय आहे, म्हणजे बावन्न झाले. उरलेले आठ सेकंद भोंग्याच्या खरखरीचे.

(आ) या मजकुरात अर्जदाराने स्वतःचे नाव घातलेले नाही. त्याची वेळ अन्नपूर्णाबाईंच्या आधीची आहे, त्यामुळे आधी आपले नाव घालावे असा मोह त्याला झाला आणि टेम्पोत बसून त्याने तसे लिहूनही पाहिले. पण दोन्ही नावे घेतली की सव्वा मिनिट होते. एका मिनिटाला आपण हो म्हणाल, सव्वा मिनिटाला म्हणाल की नाही, याची खात्री वाटेना. म्हणून खोडले.

(इ) हा अर्ज रिवाजाप्रमाणे दोन्ही पॅनलकडे अभिप्रायासाठी पाठवू नये.

(ई) राहिलेल्या अडतीस म्हाताऱ्या माणसांसाठी आपल्या सहीचा एक कागद मतदान केंद्राच्या दारावर लावावा की, अर्जदाराच्या आवाजात आलेली कोणतीही वेळ या कार्यालयाने दिलेली नाही. गाव कागदावर विश्वास ठेवील की नाही सांगता येत नाही, पण सरकारी शिक्का पाहून काही जण तरी घरातून निघतील.

आणि परवानगी नाकारायची झाल्यास ती लेखी नाकारू नये. अर्जदाराने एकोणीस वर्षांत परवानगीशिवाय भोंगा लावलेला नाही. लेखी नकार हातात पडल्यावर तो मोडायला त्याला फार जड जाईल, आणि मोडावा तर लागेलच. उद्या सकाळी पावणेनऊ वाजता पोते सोडून तो भोंगा लावणार आहे. लावून झाल्यावर रिक्षापाशीच उभा राहील. भरारी पथकाला शोधायला लागू नये म्हणून हे आधीच कळवीत आहे. त्यापुढे जी शिक्षा होईल ती मान्य.

आपला नम्र, आणि हे लिहीपर्यंत जिवंत,

(सही) देवानंद किसनराव इंगळे
सोमवार, मतदानाच्या आदल्या दिवशी, दुपारचे बारा वाजून दहा मिनिटे. ठिकाण : चिखली.

सोबत :

१) भोंग्यावर वाचायचा मजकूर : "सर्व गावकऱ्यांना कळविण्यात येते की, अन्नपूर्णाबाई कारभारी सोनुने, भाजीवाल्या, राहणार सावरटेक, या जिवंत आहेत. मंगळवारी सकाळी नऊची त्यांची वेळ रद्द झालेली आहे. त्यासाठी कोणीही येऊ नये. अन्नपूर्णाबाई नेहमीप्रमाणे नऊ वाजता मतदानाला निघतील. कळावे." (शेवटून दुसरे वाक्य प्रचारात मोडत असल्यास खोडावे. न मोडल्यास राहू द्यावे.)

२) निधन बोलून ठेवलेल्यांपैकी हयात एकोणचाळीस व्यक्तींची यादी, काल रात्री घरोघर जाऊन सह्या व अंगठे घेतलेली. अन्नपूर्णाबाईंच्या नावापुढची जागा कोरी आहे. "आता अंगठा कशाले?" असे म्हणून त्यांनी हात पदराखाली घेतला.

३) अर्जदाराच्या ओळखपत्राची झेरॉक्स.

पोच घेण्याबाबत : आज सहाच्या आत आदेश झाल्यास अर्जदार बाहेर लिंबाखालच्या बाकावर बसलेला आहे, हाक मारावी. सहानंतर झाल्यास कागद सौ. धम्मशीला देवानंद इंगळे यांच्या हाती द्यावा. रिक्षाची चावी तिच्याकडे आहे आणि मशीन कसे चालू करायचे ते तिला दाखवलेले आहे. तिचा आवाज गावाने भोंग्यातून कधी ऐकलेला नाही, पण अन्नपूर्णाबाईंना भोंगा हवा आहे, आवाज कोणाचा त्याची अट त्यांनी घातलेली नाही. आज सकाळी निघण्यापूर्वी धम्मशीलाने स्वयंपाकघरात हा मजकूर मोठ्याने दोनदा वाचून पाहिला. पहिल्यांदा 'जिवंत' या शब्दापाशी तिचा आवाज फाटला. दुसऱ्यांदा फाटला नाही.